दरबार गेल्यावर गिऱ्हाईक कोण?
(गणेशोत्सवातील व्याख्यानाचा मजकूर)



आपल्या मंडपात दरवर्षी एक व्याख्यान होतं. शिवचरित्र झालं, संतसाहित्य झालं, मधुमेह दोनदा झाला. यंदा अर्थशास्त्राचं एक पाठ्यपुस्तक हा विषय आहे असं कळल्यावर काही जणांनी 'मग प्रसाद आधी वाटून टाका' अशी सूचना केली होती. कार्यकारिणीनं ती नामंजूर केली, याबद्दल आभार.

आता हे बोलणारे 'आम्ही' म्हणजे कोण ते सांगायला हवं. रविवारी सकाळी कॉलनीत एकमेकांच्या घरी बसून काहीतरी वाचणारे आम्ही चौघं आहोत. एक बँकेतून निवृत्त झालेले काका, एक शाळेत शिकवणाऱ्या ताई, एक दुकानदार, आणि चौथा राज्य सरकारच्या नोकरीतला, पॉलिटेक्निकचा डिप्लोमा केलेला, चाळिशी उलटलेला. पदवी नसलेल्याला हे पुस्तक कळलं तर सगळ्यांना कळेल, असा निकाल लावून बाकीच्या तिघांनी चौथ्याला इथं उभं केलं आहे. पण जे सांगायचं ते चौघांचं आहे.

पुस्तक आमच्याकडे आलं ते असं. जवळच राहणारं एक मराठी कुटुंब घर विकून पुण्याला मुलाकडे गेलं. जाताना दोन पोती पुस्तकं देऊन गेलं. त्यात शिवणीतून सुटलेलं, पिवळ्या पानांचं एक इंग्रजी पुस्तक होतं, 'द इंडस्ट्रियल इव्होल्यूशन ऑफ इंडिया इन रीसेंट टाइम्स'. लेखक धनंजय रामचंद्र गाडगीळ. हिंदुस्थानातल्या उद्योगधंद्यांचं अलीकडच्या काळात काय काय होत गेलं, असा त्याचा अर्थ. हे 'अलीकडे' म्हणजे १८६० पासूनचं.

गाडगीळांचा जन्म १९०१ चा, नाशिकचा. शाळा नागपूरला झाली, पुढचं शिक्षण केंब्रिजला. तिथं लिहिलेल्या प्रबंधाचं हे पुस्तक झालं आणि ऑक्सफर्ड युनिव्हर्सिटी प्रेसनं ते १९२४ साली छापलं. म्हणजे लेखक तेव्हा तेवीस वर्षांचा. पुढं त्यात भर पडत गेली, हकीकत १९३९ पर्यंत आणली गेली, आणि १९७१ साली पाचवी आवृत्ती निघाली. मधल्या काळात देशभरच्या कॉलेजांत अर्थशास्त्र घेणाऱ्या कितीतरी पिढ्यांनी आपल्या देशाच्या अर्थव्यवहाराची पहिली ओळख याच पुस्तकातून करून घेतली. गाडगीळ स्वतः १९३० साली पुण्यात निघालेल्या गोखले अर्थशास्त्र संस्थेचे पहिले संचालक झाले, प्रवरानगरच्या सहकारी साखर कारखान्याचे पहिले अध्यक्ष झाले, आणि शेवटी नियोजन आयोगाचे उपाध्यक्ष.

मराठी माणूस आणि अर्थशास्त्र यांचं वाकडं आहे असं आपणच म्हणत असतो, त्यात फारसं तथ्य नाही. लोकहितवादींचं 'लक्ष्मीज्ञान' १८४९ सालचं आहे. कृष्णशास्त्री चिपळूणकरांची 'अर्थशास्त्रपरिभाषा' १८५५ सालची. मुंबई विद्यापीठ त्यानंतर दोन वर्षांनी निघालं! कॉलेजात विषय येण्याआधी मराठीत पुस्तकं आली होती. आणि हे लोकहितवादी सरकारी नोकरच, बरं का. न्यायखात्यात उभी हयात गेली, आणि पुढं १८८४ साली काही काळ ते रतलामचे दिवाण होते. म्हणजे आपल्या मध्य प्रदेशाशी त्यांचाही संबंध आहे.

असो. गाडगीळांकडे वळू. आम्ही चौघांनी डिक्शनरी मांडीवर घेऊन पुस्तक सुरू केलं. पहिले दोन रविवार जड गेले. मग एक जागा आली आणि ताईंनी पुस्तक खाली ठेवून विचारलं, 'हे आपल्या लष्कराबद्दल लिहिलंय का?'

गाडगीळ सांगतात की जुन्या हिंदुस्थानातली शहरं मुख्यतः तीन कारणांनी वसली. एक तीर्थक्षेत्र म्हणून, दुसरं राजधानी किंवा दरबाराचं ठिकाण म्हणून, तिसरं व्यापारी वाटेवरची पेठ म्हणून. या तिन्हींत दरबाराची शहरं जास्त महत्त्वाची, पण नशिबानं जास्त कच्ची. काशीची गंगा कुठं जात नाही. व्यापाराची वाट बदलते, पण हळूहळू. दरबार मात्र एका पिढीत उठतो, आणि तो उठला की शहराच्या पोटावर पाय येतो.

आता आपलं ग्वाल्हेर बघा. दौलतराव शिंद्यांनी १८१० च्या सुमारास किल्ल्याच्या दक्षिणेला छावणी टाकली. छावणी म्हणजे लष्कर. ती छावणी पुढं उठलीच नाही. तंबूंच्या जागी वाडे आले, सराफा आला, महाराज बाडा आला, आणि शहराचं नाव मात्र लष्करच राहिलं. त्या छावणीबरोबर आपले लोक आले. कारकून आले, शिलेदार आले, भटजी, वैद्य, कीर्तनकार, आचारी आले. आज या मंडपात बसलेल्यांपैकी बऱ्याच जणांचं आडनाव ग्वाल्हेरला कसं पोचलं याचं उत्तर त्या एका तंबूच्या खुंटीला बांधलेलं आहे.

याच्या पुढचं प्रकरण हस्तव्यवसायांच्या ऱ्हासाचं आहे, आणि आमच्या मते सगळ्या पुस्तकाचा जीव तिथं आहे. आपण शाळेत एका ओळीत शिकलो की इंग्रज आले, मँचेस्टरचं कापड आलं, आपले विणकर बुडाले. गाडगीळ ही ओळ खोटी ठरवत नाहीत, पण तेवढ्यावर भागवतही नाहीत. ते तीन कारणं मांडतात. यंत्राच्या मालाची स्पर्धा हे त्यातलं एक. दुसरं म्हणजे परकी राज्य आणि त्याच्याबरोबर आलेली परकी आवड. नवा शिकलेला वर्ग साहेबासारखं राहायला लागला आणि देशी कारागिरीकडे नाक मुरडायला लागला. आणि तिसरं, त्यांच्या मांडणीत खरं तर अगदी अगोदर येणारं, संस्थानी दरबारांचं नाहीसं होणं. शहरातला उंची माल घेणारं गिऱ्हाईक कोण होतं? राजे, सरदार, मानकरी. सणावाराला, लग्नाला, पोशाख द्यायला त्यांचीच मागणी. ती मागणी गेल्यावर यंत्र आलं नसतं तरी तो कारागीर अडचणीत येणारच होता.

खेड्यातल्या कारागिराची गोष्ट ते वेगळी ठेवतात. सुतार, लोहार, कुंभार यांना बलुतं होतं. गिऱ्हाईक अख्खं गाव, मोबदला धान्यात, ठरलेला. म्हणून त्याचं पडणं हळू झालं, आणि वेगळ्या कारणांनी झालं. शहरातल्या कारागिराकडे कसब जास्त, नाव जास्त, पण बूड एकाच खांबावर टेकलेलं. आमच्यातल्या दुकानदारानं हे ऐकल्याबरोबर सांगितलं, 'ज्याचं एकच मोठं गिऱ्हाईक असतं, त्याला रात्री झोप लागू नये.' गाडगीळांनी हेच आकडे, अहवाल आणि तळटिपा देऊन सांगितलं आहे.

आमच्या भागातलं उदाहरण चंदेरीचं. चंदेरीचं तलम कापड, पागोटी, साड्या यांचं गिऱ्हाईक म्हणजे ग्वाल्हेर, इंदूर, बडोदा, नागपूर अशी मराठ्यांची घराणी. पेशवाई १८१८ साली गेली, नागपूरचं राज्य १८५४ साली गेलं. पण ग्वाल्हेरचा दरबार १९४८ पर्यंत राहिला, आणि चंदेरी ग्वाल्हेर संस्थानात होती. १९१० साली शिंदे दरबारानं तिथं विणकामाच्या शिक्षणाचं केंद्रही काढलं. ढाक्याच्या मलमलीचं जे झालं ते चंदेरीचं तसंच्या तसं का झालं नाही, याचं निदान एक कारण गाडगीळांच्या मांडणीतून सरळ निघतं. तिथं दरबार लवकर गेला, इथं उशिरा. पुढं चंदेरीच्या विणकरांना शहरातल्या मध्यमवर्गीय बायका हे गिऱ्हाईक मिळालं. २००५ साली भौगोलिक निर्देशनाची नोंद झाली. आज चंदेरी साडी राणीच्या पेटीत कमी आणि आपल्या घरातल्या हळदीकुंकवाला जास्त दिसते. विणकराच्या हातात त्यातलं किती पडतं हा वेगळा आणि कडू विषय आहे, पण हातमाग चालू आहे.

दुसरं उदाहरण गाडगीळांच्या पुस्तकात नाही, ते आम्ही आमचं जोडतो. आपल्या ग्वाल्हेरचा सगळ्यांत मोठा हस्तव्यवसाय कोणता? गाणं! हद्दू खाँ, हस्सू खाँ यांची गायकी दरबाराच्या आश्रयानं वाढली. ती शिकून बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांनी महाराष्ट्रात नेली. त्यांचे शिष्य विष्णु दिगंबर पलुस्कर यांनी १९०१ साली लाहोरला गांधर्व महाविद्यालय काढलं, तिकीट लावून जाहीर मैफली केल्या. त्या काळी यावरून नाकं मुरडली गेली असतील, पण धंद्याच्या भाषेत पाहिलं तर पलुस्करांनी गाण्याला नवं गिऱ्हाईक मिळवून दिलं. चार आणे, आठ आणे देणारा माणूस आणि फी भरून शिकणारा विद्यार्थी. ग्वाल्हेरातही शंकर गांधर्व महाविद्यालय निघालं, भातखंड्यांच्या मार्गदर्शनाखाली १९१८ साली माधव संगीत महाविद्यालय निघालं. दरबार संपला तेव्हा ग्वाल्हेरचं गाणं संपलं नाही, कारण त्याची सोय आधीच झाली होती. त्याच दरबारात जरीकाम, शस्त्रांवरचं नक्षीकाम करणारे हात होते, त्यांची अशी सोय कोणी केली नाही. त्यांची नावंही आपल्याला ठाऊक नाहीत.

पाठ्यपुस्तकाचा उपयोग आम्हाला इथं कळला. त्यात ग्वाल्हेरच्या गाण्याबद्दल एक अक्षर नसताना ते ग्वाल्हेरच्या गाण्याबद्दल काहीतरी सांगून जातं. 'गिऱ्हाईक कोण?' हा एक प्रश्न ते हातात देतं, आणि मग तो प्रश्न घेऊन तुम्ही बाड्यावर फिरा, मेळ्यात फिरा, बिर्लानगरला जा. माधवराव महाराजांनी १९०५ साली मेळा सुरू केला, १९२१ साली इथं जियाजीराव कॉटन मिल उभी राहिली, पॉटरीज आल्या. म्हणजे दरबारालाही कळत होतं की नुसत्या दरबारावर शहर जगणार नाही. मिल १९९० च्या दशकात बंद पडली. त्याची कारणं दरबाराशी जोडण्यात अर्थ नाही, देशभरच्या जुन्या कापड गिरण्यांची ती गोष्ट आहे. पण एवढ्या मोठ्या वस्तीचं एकच गिऱ्हाईक, एकच मालक असला की काय होतं, हे बिर्लानगरनं पुन्हा एकदा पाहिलं.

आता आपल्याविषयी. हे सांगावं की नाही यावर आमच्यात दोन रविवार वाद झाला. काका म्हणाले, सणाच्या दिवशी लोकांना टोचू नये. ताई म्हणाल्या, सणालाच सगळे एकत्र येतात. शेवटी सांगायचं ठरलं.

गाडगीळांच्या त्या प्रकरणात कारागिराच्या जागी ग्वाल्हेरचा मराठी माणूस ठेवून वाचा. वाक्य न बदलता बसतं. आपण दरबाराबरोबर आलो. आपलं कसब लिहिण्याचं, हिशेबाचं, कायद्याचं, पूजेअर्चेचं, गाण्याचं. गिऱ्हाईक एकच. १९४८ च्या मे महिन्यात मध्य भारत झाला तेव्हा निदान राजधानीचा अर्धा मान ग्वाल्हेरकडे राहिला, मोतीमहालात सचिवालय बसलं. १ नोव्हेंबर १९५६ ला मध्य प्रदेश झाला आणि राजधानी भोपाळला गेली. ग्वाल्हेरची समजूत घालायला काही दफ्तरं इथं ठेवली गेली. महालेखाकार, राजस्व मंडळ, परिवहन, आबकारी, भू-अभिलेख ही ती दफ्तरं, आणि उच्च न्यायालयाचं खंडपीठ. दरबार गेला, दफ्तरं राहिली. आणि आपण दरबाराच्या फडातून उठून दफ्तरातल्या खुर्चीवर बसलो. या कॉलनीतल्या किती घरांत निदान एक पेन्शन येते, हात वर करायला सांगत नाही. इथं बोलणाऱ्याच्या घरातही पगार सरकारचाच येतो.

यात कमीपणा काही नाही. गाडगीळ कारागिराला दोष देत नाहीत, हे त्या पुस्तकाचं मोठं वैशिष्ट्य आहे. विणकर आळशी होता, त्याला नवं शिकायचं नव्हतं, असल्या गोष्टी ते बोलत नाहीत. पण कारण लपवतही नाहीत. आज आपली मुलं एकतर पुणे, बंगळूर, गुरगाव गाठतात, नाहीतर इथं राहून पाच-पाच, सात-सात वर्षं सरकारी परीक्षांचे फॉर्म भरतात. कोचिंगच्या रांगा आपण सगळे पाहतो. मुलांची चूक नाही, त्यांना घरात जे गिऱ्हाईक दिसलं तेच ती शोधतात. आणि जी घरं विकली जातात त्यांच्यातून पोत्यांनी पुस्तकं बाहेर येतात. आमचं वाचन त्यावर चालतं, पण असं किती वर्षं चालावं?

पुस्तकातला आणखी एक भाग आम्हाला फार लागला, तो दुष्काळाचा. आपल्याकडचे जुने लोक 'छप्पन्याचा काळ' म्हणायचे, विक्रम संवत १९५६, म्हणजे इसवी १८९९-१९००. आमची समजूत अशी की दुष्काळ म्हणजे धान्य नसणं. गाडगीळ दाखवतात की आगगाडी आल्यावर दुष्काळाचं रूप बदललं. धान्य कुठून तरी येत होतं, भाव सगळीकडे सारखे व्हायला लागले होते. पण पाऊस नाही म्हणजे शेतीचं काम नाही, काम नाही म्हणजे मजुरी नाही, आणि मजुरी नाही म्हणजे स्टेशनवर धान्याची पोती पडलेली असली तरी भूमिहीन माणसाच्या घरी चूल पेटत नाही. म्हणून दुष्काळात कामं काढावी लागतात. पुढं १९७२ च्या दुष्काळात महाराष्ट्रानं रोजगार हमी राबवली, १९७७ साली तिचा कायदा केला, आणि २००५ साली तसा कायदा सगळ्या देशाला झाला. आम्ही ज्या नोकरीत आहोत तिथं मस्टर, मोजमाप, मजुरीचा दर हे रोजचे शब्द. ते भरताना त्यांच्यामागं एवढा विचार आहे हे डिप्लोमाच्या अभ्यासक्रमात कुणी सांगितलं नव्हतं. तिथं काँक्रीटचं प्रमाण सांगितलं, तेही बरोबरच होतं.

आणि हे सगळं त्या तेवीस वर्षांच्या मुलाला केंब्रिजला बसून कुठून कळलं? दुष्काळ आयोगांच्या अहवालांतून, गॅझेटिअरांतून, जनगणनेच्या तक्त्यांतून. म्हणजे कुठल्यातरी तालुक्यातल्या कारकुनानं, पटवाऱ्यानं, मामलेदारानं लिहिलेल्या कागदांतून. सरकारी नोकरांनी हे ऐकावं. आपण 'निरंक' लिहून जो तक्ता पुढं ढकलतो, तो पन्नास वर्षांनी कुणीतरी पोरगं खरा मानून वाचणार असतं.

मग पुस्तक जुनं झालेलं नाही का? झालं आहे, पुष्कळ ठिकाणी. पुढच्या अभ्यासकांनी त्यावर बरेच घाव घातले. १९६० च्या दशकात डॅनिएल थॉर्नर यांनी जनगणनेचे आकडे पुन्हा तपासून विचारलं, १८८१ नंतर उद्योगांतून माणसं शेतीकडे ढकलली गेली असं हे आकडे खरंच सांगतात का? मॉरिस नावाच्या अमेरिकन अभ्यासकानं हस्तव्यवसाय बुडाल्याची कल्पनाच अतिशयोक्त ठरवली आणि बिपन चंद्र वगैरेंनी त्याला सडेतोड उत्तरं दिली. अमिय बागची यांनी बिहारच्या आकड्यांवरून ऱ्हास खरा असल्याचं दाखवलं. अलीकडे तीर्थंकर रॉय यांनी हातमाग किती चिवटपणे टिकले, बदलले, हे मांडलं. हा वाद मिटलेला नाही. पण गंमत अशी की सगळे वाद घालतात ते गाडगीळांनी आखलेल्या मैदानावर.

याच्या उलट एक उदाहरण. जगात सर्वांत गाजलेलं अर्थशास्त्राचं पाठ्यपुस्तक सॅम्युएल्सन यांचं, १९४८ सालचं. आपल्यापैकी बी.कॉम. झालेल्या कितीतरी जणांनी ते हाताळलं असेल. फार सुरेख पुस्तक, विषय समजावून देण्याची हातोटी विलक्षण. पण त्यात एक आलेख होता. रशियाचं उत्पन्न अमेरिकेला कधी गाठेल याचा. आवृत्त्या निघत गेल्या तशी ती तारीख पुढं पुढं सरकत गेली, आणि शेवटी तो देशच उरला नाही. याचा अर्थ ते पुस्तक वाईट असा मुळीच नाही. आम्हाला एवढंच दिसलं की पुढचं सांगायला गेलेलं पान लवकर पिवळं पडतं, आणि 'हे असं का झालं' हे नीट सांगणारं पान जास्त वर्षं पांढरं राहतं. आमच्याकडची प्रत अर्थात सगळीच पिवळी आहे.

गाडगीळांच्या आयुष्यातली शेवटची एक गोष्ट सांगतो. राज्य सरकारच्या कुठल्याही लेखा विभागात 'गाडगीळ फॉर्म्युला' हा शब्द जुने लोक अजून वापरतात. तो याच गाडगीळांचा, हे आम्हाला पुस्तक वाचताना कळलं. केंद्राकडून राज्यांना योजनांसाठी पैसा मिळायचा. १९६९ च्या आधी तो एकेका योजनेला धरून मिळायचा, आणि कुणाला किती हे बरंचसं दिल्लीच्या मनावर होतं. गाडगीळांनी सूत्र बांधून दिलं. आसाम, नागालँड, जम्मू-काश्मीर यांच्या गरजा आधी बाजूला काढायच्या. उरलेल्यातले साठ टक्के लोकसंख्येवर. दहा टक्के सरासरीपेक्षा गरीब राज्यांना. दहा टक्के कर गोळा करण्याच्या प्रयत्नावर. दहा टक्के चालू असलेल्या मोठ्या पाटबंधारे-वीज प्रकल्पांसाठी. दहा टक्के राज्याच्या खास अडचणींसाठी. पुढं त्यात फेरफार झाले, आता नियोजन आयोगही राहिला नाही. पण त्या वेळी काय घडलं ते पाहा. तरुणपणी ज्यानं लिहिलं की सगळं एका दरबारावर अवलंबून असलं की काय होतं, त्यानं उतारवयात दिल्लीच्या दरबारातली मर्जी काढून तिथं बेरीज-भागाकार ठेवला. मध्य प्रदेशासारख्या मागं राहिलेल्या राज्याला साहेबाच्या दारात उभं न राहता आपला वाटा मोजून मागता आला. ते काम आटोपून, १९७१ च्या मे महिन्यात, दिल्लीहून परतीच्या रेल्वेप्रवासातच ते गेले.

प्रवरानगरचा कारखानाही आम्ही याच धाग्यात पाहतो. विठ्ठलराव विखे पाटलांसारख्या शेतकऱ्याबरोबर एक प्राध्यापक जाऊन बसतो, तो ऊसवाल्यांना गिऱ्हाईक शोधायला सांगत नाही, कारखानाच तुमचा करा म्हणतो. पुढं साखर कारखान्यांचंच एक नवं दरबार झालं असं काका म्हणतात. त्यावर आम्ही आणखी एक रविवार वाद घालणार आहोत.

आता मंडळाच्या परवानगीनं एक काम तुमच्यावर सोपवतो. आम्ही एक वही केली आहे, साधी शंभर पानी. चार रकाने आहेत. पहिल्यात, तुमच्या घरातलं पहिलं माणूस ग्वाल्हेरला कधी आणि कुठून आलं. दुसऱ्यात, काय काम करायला आलं. तिसऱ्यात, त्या कामाचे पैसे कोण देत होतं. चौथ्यात, आज घरातले लोक काय करतात आणि पैसे कोण देतं. माहिती पक्की नसेल तर घरातल्या आजीला विचारून लिहा, अंदाज असेल तर अंदाज असं लिहा. नाव लिहिलं नाही तरी चालेल. पहिली काही पानं भरली आहेत. त्यात एक शिलेदार आहेत, एक वैद्य आहेत, मुदपाकखान्यातले एक आचारी आहेत, आणि चौथ्या रकान्यात एक मुलगी आहे, तिनं घरच्या घरी मेतकूट, भाजणी, पुरणपोळ्या विकायला सुरुवात केली आहे. तिची निम्मी गिऱ्हाइकं मराठी नाहीत, असं तिनंच लिहून ठेवलं आहे.

वही मूर्तीच्या डाव्या बाजूला, वर्गणीच्या टेबलावर आहे. पेन दोऱ्यानं बांधलं आहे, सोडवून नेऊ नये. गाडगीळांचं पुस्तकही तिथंच आहे, शिवण सैल आहे, जपून उघडावं. कुणाला घरी न्यायचं असेल तर पंधरा दिवसांसाठी नेता येईल, फक्त आधी हस्तव्यवसायांचं प्रकरण वाचावं. अनंत चतुर्दशीपर्यंत वही इथं राहील, मग आम्ही ती एकत्र बसून वाचणार आहोत. ज्यांना यायचं असेल त्यांनी ताईंकडे नाव द्यावं. आरतीची वेळ झाली आहे, आम्ही थांबतो. नमस्कार.